प्रभातच्या फाटकातलं उपोषण

१९३९ सालच्या जुलै महिन्यात पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीच्या फाटकात एक नटी उपोषणाला बसली. नटी साधीसुधी नव्हती. दोनच वर्षांपूर्वी 'कुंकू'मधल्या भूमिकेने तिने महाराष्ट्र ढवळून काढला होता आणि त्याच चित्रपटाच्या हिंदी आवृत्तीने, 'दुनिया न माने'ने, तिचं नाव देशभर नेलं होतं. शांता आपटे. अंगावर नऊवारी नाही की पाचवारी नाही, पँट आणि स्पोर्ट शर्ट. त्या प्रसंगाच्या हकिकतींत हा पोशाख हटकून येतो. उपोषणापेक्षा पँटचाच धक्का त्या काळच्या पुण्याला जास्त बसला असावा, असं मला वाटतं.

उपोषणाचं पुण्याला अप्रूप नव्हतं. सातच वर्षांपूर्वी येरवड्याच्या तुरुंगात गांधीजींनी प्राणांतिक उपोषण केलं होतं आणि त्यातून पुणे करार झाला होता. त्याच १९३९ सालच्या मार्चमध्ये राजकोटलाही गांधीजी उपोषणाला बसले होते. पण ते राजकारणातलं हत्यार. सिनेमातल्या नटीने ते आपल्याच कंपनीच्या मालकांवर उपसावं, तेही करार आणि पगाराच्या भांडणात, हे कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. मोर्चा, संप, उपोषण या गोष्टी गिरणी कामगारांनी कराव्यात. नटीने रुसावं फार तर.

शांताबाई मात्र रुसल्या नाहीत, बसल्या. इथेच त्यांची गोष्ट बाकीच्या नट्यांच्या गोष्टींपासून वेगळी होते आणि इथेच आपल्याकडच्या आठवणी लिहिणाऱ्यांची त्यांच्या बाबतीत गफलत सुरू होते. त्यांच्याबद्दल जे छापून आलं, त्यात तापट, हट्टी, फटकळ, 'वाघीण' असे शब्द सापडतात. त्या कशासाठी भांडत होत्या, हे मात्र शोधावं लागतं.

मुळात त्या आल्या कुठून, ते आधी सांगतो. आमच्या बारामती भागातल्या माणसाला मोठी रेल्वे गाठायची तर दौंडला जावं लागतं. दौंडहून मुख्य लाईनने सोलापूर ओलांडून गाडी पुढे निघाली की गुलबर्ग्याच्या अलीकडे दुधनी लागतं. अक्कलकोट तालुक्यातलं, मराठी आणि कानडीच्या सीमेवरचं गाव. शांताबाईंचा जन्म तिथला, साल बहुतेक ठिकाणी १९१६ दिलं जातं. वडील स्टेशनमास्तर. गाणं शिकल्या पंढरपूरच्या महाराष्ट्र संगीत विद्यालयात. पुढे पुण्याच्या गणेशोत्सवांतून ही मुलगी गाऊ लागली आणि तिचा आवाज लोकांच्या कानांत बसला. मोठे भाऊ बाबूराव आपटे तिचे सगळे व्यवहार पाहत. कुठे गायचं, किती पैसे घ्यायचे, कुणाशी करार करायचा, हे त्यांच्या हातात. त्या काळात गाणाऱ्या मुलीच्या मागे असा एक भाऊ, मामा किंवा आई असायचीच, त्यामुळे यात कुणाला वावगं वाटत नसे.

सिनेमात येणारी मुलगी 'कुठल्या घरातली', हा प्रश्न तेव्हा फार मोठा होता. १९१३ मध्ये फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती झाले ते अण्णा साळुंके नावाचे पुरुष, कारण बाई मिळेना. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या मायलेकी पडद्यावर आल्या तेव्हा वाट फुटली. पण वाट फुटली म्हणजे रहदारी सुरू झाली असं नव्हे. १९२० मध्ये कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी 'सैरंध्री' काढला, त्यात गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी कामं केली, तर त्यांना नावं बदलून पडद्यावर यावं लागलं. बोलपट आल्यावर १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा'त दुर्गा खोटे आल्या. कॉलेजात शिकलेली, मोठ्या घरातली बाई तारामती झाली याचा एवढा गवगवा झाला, की त्यातून आधीच्या बायकांना आपोआप काळं फासलं गेलं. 'आता घरंदाज बायकाही येतात' हे वाक्य कौतुकाचं वाटतं खरं, पण ते आधी आलेल्या बायकांना मारलेली कोपरखळीही आहे.

स्टेशनमास्तरांची मुलगी या चौकटीत कंपन्यांना सोयीची होती. ब्राह्मणाघरची, शिकून गाणारी. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं. जी पडद्यावर दिसेल तिनेच गायचं, तेही कॅमेऱ्यासमोर, एका दमात, वादक चौकटीबाहेर दडवून. त्यामुळे गळा हीच पहिली पात्रता. भालजी पेंढारकरांनी तिला १९३२ च्या 'श्यामसुंदर'मध्ये राधा केलं, कृष्ण झाले शाहू मोडक. दोघंही पोरवयाची. हा चित्रपट मुंबईत एकाच थिएटरात पंचवीस आठवड्यांच्या वर चालला. रौप्यमहोत्सव नावाचा प्रकार आपल्या सिनेमाला तिथून ठाऊक झाला.

प्रभात कंपनी १९२९ मध्ये कोल्हापुरात सुरू झाली. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर हे चौघे बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले आणि पाचवे भांडवल घालणारे सीतारामपंत कुलकर्णी. १९३३ मध्ये कंपनीने बिऱ्हाड पुण्याला, एरंडवण्यात हलवलं. नव्या जागेत झालेला पहिला चित्रपट 'अमृतमंथन', साल १९३४. कथा नारायण हरी आपट्यांच्या 'भाग्यश्री' कादंबरीवरची. या चित्रपटाची आठवण निघाली की लोक चंद्रमोहनच्या डोळ्यांबद्दल बोलतात, आणि ते डोळे होतेच तसे. पण त्यातलं शांता आपट्यांचं गाणं त्या काळच्या प्रेक्षकाला जास्त नवं होतं. तोवर गाणारी नटी म्हणजे संगीत नाटकातली नायिका: जागेवर उभी, हात किंचित पुढे, नजर प्रेक्षकांच्या डोक्यावरून, आणि ताना. शांताबाई गाताना मान वळवायच्या, डोळे मोठे करायच्या, भुवई उडवायच्या, हातांनी शब्द दाखवायच्या. संगीत केशवराव भोळ्यांचं. भोळे स्वतः भावगीताच्या वळणाचे, लांबण न लावणारे. त्यांच्या चालींना ही चपळ नटी मिळाली आणि सिनेमाचं गाणं नाटकाच्या गाण्यापासून सुटून निघालं. ही जमा बाजू शांताबाईंच्या खात्यावर पुरेशी मांडली गेलेली नाही.

त्यानंतर १९३६ मध्ये 'राजपूत रमणी' आणि 'अमरज्योती'. 'अमरज्योती'त दुर्गाबाई खोटे पुरुषांच्या कायद्याविरुद्ध उठलेल्या समुद्री चाच्यांच्या म्होरक्या, शांताबाई राजकन्या. चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवापर्यंत गेला. पण राजकन्येला दुर्गाबाईंच्या सावलीत उभं राहावं लागलं, हे उघड आहे. आपल्या जागेवर शांताबाई आल्या त्या पुढच्या वर्षी.

१९३७. 'कुंकू'. पुन्हा नारायण हरी आपट्यांचीच कादंबरी, 'न पटणारी गोष्ट'. साताऱ्याजवळ कोरेगावात राहून लिहिणाऱ्या या लेखकाने प्रभातला दोन मोठे चित्रपट दिले. विषय जरठ-बाला विवाहाचा. मराठी प्रेक्षकाला तो काही नवा नव्हता. देवलांनी १८९९ मध्येच 'शारदा' रंगभूमीवर आणलं होतं. शारदा दोन पिढ्यांच्या गळ्यात बसली होती, लोक तिच्यासाठी रडले होते. पण शारदेचं लग्न शेवटी मोडतं आणि प्रेक्षक सुटकेचा श्वास टाकून घरी जातो. 'कुंकू'त लग्न होऊन जातं. नीरा नावाची पोरकी मुलगी, तिचा मामा पैशासाठी फसवून तिचं लग्न काकासाहेब नावाच्या एका म्हाताऱ्या विधुर वकिलाशी लावतो. इथून गोष्ट सुरू होते. लग्न झालं, आता काय करणार?

नीरा काय करते, तर नवऱ्याला नवरा मानत नाही. घर सोडून पळत नाही, विहीर जवळ करत नाही, दुसऱ्या कुणाच्या प्रेमात पडत नाही. त्याच घरात राहते, आणि नाही म्हणते. रोज नाही म्हणते. आजही हे पाहताना अंगावर काटा येतो, कारण यात एकही मोठं भाषण नाही. (नीरा हे नाव ऐकलं की बारामतीकडच्या आमच्या माळेगावच्या माणसाला आधी नदी आणि मग कालव्याची पाळी आठवते, हा आमचा दोष. सिनेमा पाहताना पाच मिनिटांत तो जातो.)

या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही, हे मुद्दाम लक्षात ठेवण्यासारखं आहे. शांतारामांनी आणि भोळ्यांनी ठरवून फक्त खरे आवाज वापरले. घरातले, गल्लीतले. काकासाहेबांच्या घरातलं जुनं घड्याळ त्या शांततेत टिकटिकत राहतं आणि म्हाताऱ्याचं वय मोजत राहतं. अशा शांततेत नटीला आधार नसतो. आज एखादा प्रसंग अवघड असला की व्हायोलिन मदतीला धावतं. शांताबाईंकडे फक्त स्वतःचे डोळे आणि आवाज होता. समोर केशवराव दाते, नाटकातले कसलेले नट, काकासाहेबांच्या भूमिकेत. दात्यांनी म्हातारा खलपुरुष केला नाही, केविलवाणा केला. त्यामुळे शांताबाईंचं काम आणखी अवघड झालं, कारण दुष्टाला नाही म्हणणं सोपं असतं. कीव येणाऱ्या माणसाला रोज नाही म्हणायचं आणि तरी प्रेक्षकाची माया गमवायची नाही, ही कसरत त्या करतात. रागाच्या प्रसंगात त्या ओरडत नाहीत. हनुवटी किंचित वर जाते, आवाज खाली येतो आणि वाक्य संपलं की तोंड घट्ट मिटतं. त्या मिटलेल्या तोंडावर कॅमेरा थांबतो.

सावत्र मुलगा तिच्यावर वाईट नजर ठेवतो तेव्हा मात्र ती छडी उचलून त्याला बडवते. थिएटरात इथे काय होत असेल ते सांगायला नको. लाँगफेलोची एक इंग्रजी कविताही शांताबाई या चित्रपटात गायल्या आहेत. सुरुवातीला ती जरा विचित्र वाटते, पण नीरा शिकलेली आहे हे प्रेक्षकाला तेवढ्यात कळून चुकतं. काकासाहेबांच्या समाजकार्य करणाऱ्या मुलीच्या भूमिकेत शकुंतला परांजपे आहेत, रँग्लर परांजप्यांच्या कन्या, ज्या पडद्याबाहेरही संततिनियमनाचं काम करत होत्या. म्हणजे पडद्यावर नीराची बाजू घेणारी बाई खऱ्या आयुष्यातही बायकांची बाजू घेणारीच होती. शेवटी काकासाहेब आपली चूक ओळखतात आणि नीराला मोकळी करण्यासाठी स्वतःचा जीव देतात. हा शेवट मला कधी पटला नाही. मुलीने एवढं झगडून मिळवलेलं स्वातंत्र्य तिला म्हाताऱ्याच्या मरणाने दान म्हणून मिळावं, यात नीराची थोडी फसवणूकच आहे. पण घटस्फोट हिंदू कायद्यात नव्हता. शारदा कायद्याने मुलीचं लग्नाचं वय चौदा ठरवलेलं आणि विधवेला नवऱ्याच्या मिळकतीत हक्क देणारा देशमुखांचा कायदा त्याच १९३७ सालचा. कायद्यातच दार नव्हतं, तर कथेत कुठून येणार?

'कुंकू'नंतर शांताबाई प्रभातच्या सर्वांत मोठ्या नटी झाल्या. १९३८ मध्ये दामले-फत्तेलालांच्या 'गोपाळकृष्ण'मध्ये त्या पुन्हा राधा झाल्या, कृष्ण राम मराठे. तोही चालला. मग १९३९ आणि फाटक.

भांडण काय होतं? मोठ्या स्टुडिओंचा तेव्हाचा रिवाज समजून घेतला पाहिजे. प्रभात असो, कलकत्त्याचं न्यू थिएटर्स असो की मुंबईचं बॉम्बे टॉकीज, नट-नट्या महिन्याच्या पगारावर बांधलेल्या असत. बाकी सुतार, रंगारी, कॅमेरामन तसेच तेही. करार काही वर्षांचा. तेवढ्या मुदतीत दुसऱ्या कंपनीत काम करायचं नाही. भूमिका कंपनी ठरवणार, काम नसेल तर बसून राहायचं. चित्रपट कितीही चालला तरी पगार ठरला तेवढाच. या शिस्तीवर प्रभातचे सुंदर चित्रपट उभे राहिले हे खरं आहे. 'संत तुकाराम' याच शिस्तीतून झाला. पण ही शिस्त एकाच बाजूने बांधणारी होती. आमच्या माळेगाव बुद्रुकच्या शिवारात दर हंगामाला ऊसतोडीच्या टोळ्या येतात. मुकादमाकडून उचल घेतली की हंगाम सरेपर्यंत दुसऱ्या कारखान्याचं नाव काढायचं नाही, आजारपणात खाडा झाला तर तो अंगावर, आणि हिशेबाची वही मुकादमाच्या खिशात. नटीचा पगार आणि कोयत्याची मजुरी यांची बरोबरी कुणी करणार नाही, पण अडकवण्याची रीत ओळखीची आहे.

शांताबाईंचा वाद याच कराराच्या अटींवरून आणि पैशांवरून होता. बोलणी फिसकटली. कोर्टात जाता आलं असतं. पण कोर्टाचा निकाल काय लागतो, याचा एक ताजा दाखला जगासमोर होता. हॉलिवुडची बेटी डेव्हिस १९३६ मध्ये वॉर्नर ब्रदर्सचा करार मोडून इंग्लंडला गेली होती. कंपनीने तिला लंडनच्या कोर्टात खेचलं आणि ती हरली. निमूटपणे परत जाऊन तिला त्याच कंपनीत काम करावं लागलं. ऑलिव्हिया डी हॅविलंडने तीच लढाई कॅलिफोर्नियात जिंकली ती १९४४ मध्ये, आणि मग तिथला नट कराराच्या वेठीतून सुटला. पुण्यातल्या फाटकात जे घडलं ते या दोन तारखांच्या मधलं. कोर्ट नाही, वकील नाही, नट-नट्यांची संघटना नाही. नटीजवळ होतं काय, तर शरीर. ज्या शरीरावर कंपनीचा धंदा चालायचा, तेच तिने उपाशी ठेवलं. मीठ-पाण्यावर राहून त्या तिथे बसल्या. उपोषण फार दिवस चाललं नाही, डॉक्टरांच्या सल्ल्याने सुटलं. पण प्रभात आणि शांता आपटे हे नातं मात्र तिथेच संपलं.

त्याच सुमारास भारतीय चित्रपटाला पंचवीस वर्षं झाल्याचा सोहळा मुंबईत थाटाने पार पडला होता. धंद्याच्या प्रगतीवर भाषणं झाली. त्यानंतर काही आठवड्यांतच या धंद्यातली आघाडीची नटी आपल्या कंपनीच्या दारात उपाशी बसली, हे दोन्ही प्रसंग एकाच पानावर वाचले की भाषणांचं वजन कळतं.

पुढच्या वर्षी, १९४० मध्ये, शांताबाईंनी एक पुस्तक लिहिलं. नाव 'जाऊ मी सिनेमात?'. सिनेमात जाऊ का, असं विचारणाऱ्या मुलींना उद्देशून. नटीचं पुस्तक म्हटल्यावर वाचक अपेक्षा काय करणार? मेकअपच्या गमती, सहनटांचे किस्से, चाहत्यांची पत्रं. या पुस्तकात सिनेमाकडे उद्योग म्हणून पाहिलं आहे. भांडवल कुणाचं, राबतो कोण, नफा कुणाकडे जातो, आणि प्रखर दिव्यांखाली तासन् तास उभं राहून नटाचं शरीर कसं झिजतं. नटीही शेवटी या कारखान्यातली कामगारच, हे त्या स्वच्छ मांडतात. आपल्याकडे नटीने असं लिहिल्याचं याआधीचं उदाहरण मला ठाऊक नाही. पुढे हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' आलं, दुर्गाबाईंचं 'मी दुर्गा खोटे' आलं. दोन्ही मोठी पुस्तकं, पण ती आयुष्याची कथनं आहेत. शांताबाईंनी आयुष्य बाजूला ठेवून धंद्याची चिरफाड केली. उपोषण आणि पुस्तक एकमेकांशेजारी ठेवली म्हणजे फाटकातली बाई तापट होती म्हणून बसली नव्हती, विचार करून बसली होती, हे दिसतं.

पण लोकांना लक्षात राहिली ती छडी. 'फिल्मइंडिया' मासिकाचे संपादक बाबूराव पटेल यांची लेखणी त्या काळी सिनेमावाल्यांना घाबरवून सोडायची. नट्यांबद्दल ते जे लिहीत, त्यातलं बरंचसं आज छापायला कुणी धजणार नाही. शांताबाईंबद्दल त्यांनी असंच काहीतरी लिहिलं आणि या बाई छडी घेऊन थेट त्यांच्या कचेरीत गेल्या, ही हकिकत अनेकांनी अनेक तऱ्हांनी सांगितली आहे. प्रत्येक सांगणाऱ्याबरोबर छड्यांची संख्या वाढत जाते. 'कुंकू'तल्या छडीशी ही गोष्ट इतकी जुळते, की ती टिकून राहिली यात नवल नाही. मला तिचा राग येतो तो वेगळ्या कारणाने. छडी हा किस्सा आहे, करार हा प्रश्न होता. किस्सा चघळायला सोपा, म्हणून तो उरला. बाईचा राग गोष्टीत रंगतो. तिचा हिशेब मात्र कुणाला ऐकायचा नसतो.

प्रभात सुटल्यावर शांताबाई कुठे कुठे गेल्या पाहा. १९४१ मध्ये थेट तमिळ 'सावित्री'त. तमिळ शिकून त्यांनी आपले संवाद स्वतः म्हटले. त्या चित्रपटात नारद कोण, तर एम. एस. सुब्बलक्ष्मी. पती सदाशिवम यांच्या 'कल्की' साप्ताहिकासाठी पैसा उभा करायचा म्हणून सुब्बलक्ष्मींनी पुरुषवेश घेतला होता. दुधनीच्या शांताबाई सावित्री आणि मदुरैच्या एम. एस. नारद, असा योग हिंदुस्थानी सिनेमात पुन्हा आला नाही. दुसऱ्या वर्षी त्या लाहोरला, पंचोलींच्या 'जमीनदार'मध्ये, गुलाम हैदर यांच्या संगीतात. मग मुंबईत 'दुहाई', तिथे सोबतीला नूरजहाँ. पुणे, तमिळ सिनेमा, लाहोर, मुंबई: चार-पाच वर्षांत चार चित्रपटदुनिया. ज्या स्वातंत्र्यासाठी फाटकात बसल्या, ते त्यांनी पुरेपूर वापरलं.

आणि ते स्वातंत्र्य महागही पडलं. इथे मी शांताबाईंची उगाच आरती करणार नाही. प्रभातने त्यांना 'अमृतमंथन' दिला, 'कुंकू' दिला. त्या तोडीची भूमिका पुढे त्यांना एकही मिळाली नाही. स्टुडिओ बांधून ठेवतो तसा घडवतोही, कथा शोधतो, नटीला जपून वापरतो. बाहेर जो तो आपापला गल्ला मोजणारा. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात काळा पैसा सिनेमात शिरला, एकेका चित्रपटापुरते निर्माते उगवले, नटाला एकरकमी मोठे पैसे मिळू लागले आणि पगारी स्टुडिओंचं कंबरडं मोडलं. शांताबाई ज्या मोकळ्या बाजारात उतरल्या, तो पाच वर्षांतच सगळ्यांचा झाला. त्यांच्याशी भांडणाऱ्या प्रभातचीही गत वेगळी झाली नाही. १९४२ मध्ये शांताराम स्वतःच बाहेर पडून राजकमल काढून बसले. दामले १९४५ मध्ये गेले. १९५३ च्या सुमारास कंपनी बंद पडली. भागीदारांनी एकमेकांशी केलेले करार नटीशी केलेल्या करारापेक्षा जास्त टिकाऊ निघाले, असं म्हणवत नाही.

१९४६ मध्ये मास्टर विनायकांच्या 'सुभद्रा'त शांताबाई होत्या. त्यात एक सतरा वर्षांची मुलगी छोट्या भूमिकेत होती आणि शांताबाईंच्या जोडीने गायली. ती लता मंगेशकर. पार्श्वगायन आता रुळलं होतं. दिसणारी वेगळी आणि गाणारी वेगळी, हे प्रेक्षकांनी मान्य करून टाकलं होतं. गाणारी नटी ही जातच हळूहळू संपत आली, आणि शांताबाईंची पहिली पात्रता, गळा, आता गरजेची राहिली नाही. त्याच वर्षी भालजींचा 'वाल्मिकी' आला, त्यात पृथ्वीराज कपूर आणि नारदाच्या वेशात तरुण राज कपूर. मग 'स्वयंसिद्धा', 'मैं अबला नहीं हूँ', 'शिलंगणाचं सोनं', 'जरा जपून'. नावं पाहिली तरी कळतं, निर्माते अजून नीरालाच विकत होते, फक्त वेगवेगळ्या लेबलांखाली. १९५३ च्या 'ताई तेलीण'मध्ये त्या वासोट्याचा किल्ला लढवणाऱ्या बाईच्या भूमिकेत आल्या. साताऱ्याच्या डोंगरात पेशव्यांच्या सरदाराला झुंजवणारी ताई तेलीण. भूमिका अंगाला शोभणारी होती, पण बाराएक वर्षं उशिरा आली. 'रामभक्त विभीषण'पर्यंत, म्हणजे १९५८ पर्यंत, नाव पडद्यावर येत राहिलं. २४ फेब्रुवारी १९६४ रोजी अंधेरीत त्यांचं निधन झालं, पन्नाशीही गाठली नव्हती. कन्या नयना आपटे यांनी पुढे मराठी रंगभूमी गाजवली. घरातला गळा आणि ठसका दोन्ही तिथे उतरले.

प्रभातची जागा १९६० मध्ये सरकारने फिल्म इन्स्टिट्यूटला दिली. २०१५ मध्ये तिथल्या विद्यार्थ्यांनी अध्यक्षांच्या नेमणुकीविरुद्ध १३९ दिवस संप केला, काही जण उपोषणालाही बसले. तेव्हा वर्तमानपत्रांतून या आवारातल्या आंदोलनांचा इतिहास लिहिला गेला. या जागेतलं पहिलं उपोषण एका नटीने पगारासाठी केलं होतं, ही ओळ मला तरी त्यात कुठे दिसली नाही.

'कुंकू' आजही पाहायला मिळतो. दात्यांसाठी पाहा, शांतारामांसाठी पाहा, घड्याळासाठी पाहा, पण नीरा 'नाही' म्हणते तेव्हा तिच्या तोंडाकडे नीट पाहा. आणि एक विनंती. तालुक्याच्या जुन्या वाचनालयांत, शिक्षकांच्या घरच्या कपाटांत, वाड्यांच्या माळ्यावरच्या ट्रंकांत १९४० च्या आसपासची मराठी पुस्तकं अजून पडून असतात, आणि दिवाळीच्या साफसफाईत किलोवर जातात. त्यात 'जाऊ मी सिनेमात?' सापडलं तर रद्दीवाल्याला देऊ नका. जवळच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयात नेऊन द्या, आणि देण्याआधी एकदा वाचा.